वैमानिकाचं उत्तर

आमच्या नानांच्या खोलीत भिंतीवर एकच फोटो होता. काबाशरीफचं कॅलेंडर दारामागे आणि अब्बांनी आणलेलं रेल्वेचं कॅलेंडर स्वयंपाकघरात. पण आत आलं की समोर दिसेल अशा जागी वर्तमानपत्रातून कापलेला, पुठ्ठ्यावर खळीनं चिकटवलेला एका माणसाचा फोटो. अंगात हवाई दलाचा गणवेश, छातीवर पदकांच्या फिती. घरी नवा माणूस आला की नाना विचारायचे, ‘‘ओळखलं का?’’ समोरच्यानं नाही म्हटलं की त्यांना आनंदच व्हायचा, कारण मग सांगायला मिळायचं. ‘‘हे इद्रिस हसन लतीफ. हिंदुस्थानच्या सगळ्या विमानांचे मालक.’’

मालक हा शब्द नानांचा. ते कल्याणच्या रेतीबंदरावर होड्यांवरून रेती उतरवणाऱ्या मंडळींतले. त्यांच्या जगात एक मालक असायचा आणि बाकीचे हमाल. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारनं शेतकऱ्यांच्या जमिनी घेऊन कल्याणजवळ नेवाळीला विमानतळ बांधला, तेव्हा तरुण नानांनी तिथे रेती वाहिली होती. त्याच जमिनींसाठी शेतकऱ्यांचं आंदोलन जून २०१७ मध्ये पेटलं, तेव्हा अनेकांना पहिल्यांदा कळलं की आपल्या गावाजवळ कधीकाळी विमानं उतरत होती. नानांना ते माहीत होतं. त्यांनी ती जवळून पाहिली होती, आणि आत बसलेला माणूस नेहमी गोरा असतो हेही पाहिलं होतं. म्हणून १९७८ साली जेव्हा बातमी आली की हवाई दलाचे नवे प्रमुख इद्रिस लतीफ, तेव्हा नानांनी दूधनाक्यावरच्या चहावाल्याकडून तो पेपर मागून आणला आणि कात्री घेतली. मी तेव्हा सात वर्षांचा होतो. पुठ्ठा धरून ठेवायचं काम माझ्याकडे होतं.

त्या फोटोची मला गरज पडली ती सहा-सात वर्षांनी. आठवीत इतिहासाच्या तासाला एकाहत्तरच्या युद्धाचा विषय निघाला. गुरुजी रंगून सांगत होते. मध्येच थांबून माझ्याकडे बघून म्हणाले, ‘‘तुमच्याकडचे बहुतेक तिकडेच गेले, नाही का?’’ वर्ग हसला. गुरुजींच्या मनात विष होतं असं मला आजही वाटत नाही. त्यांनी पुढच्याच आठवड्यात माझ्या निबंधाला वर्गात वाचून शाबासकी दिली. पण त्या दिवशी घरी येऊन मी त्या फोटोसमोर बराच वेळ उभा राहिलो आणि नानांना म्हटलं, ‘‘नाना, यांची सगळी गोष्ट सांगा.’’ नानांना सगळी ठाऊक नव्हती. पुढे मी ती जमेल तशी वाचून काढली. आज तीच सांगणार आहे.

इद्रिस हसन लतीफ यांचा जन्म ९ जून १९२३ रोजी हैदराबादचा. शिक्षण तिथल्याच निजाम कॉलेजात. अठरा वर्षांचे असताना, १९४१ साली, त्यांची हवाई दलासाठी निवड झाली आणि २६ जानेवारी १९४२ रोजी अंबाल्याला त्यांना कमिशन मिळालं. त्या वेळी २६ जानेवारीला आजचा अर्थ नव्हता. काँग्रेस त्या दिवशी स्वातंत्र्य दिन पाळायची, आणि हा मुलगा मात्र इंग्लंडच्या राजाच्या हवाई दलात अधिकारी होत होता. आठ वर्षांनी त्याच तारखेला देश प्रजासत्ताक झाला आणि पहिल्या प्रजासत्ताक दिनाला दिल्लीच्या आकाशात विमानांचं संचलन झालं. त्याचं नेतृत्व लतीफ यांनी केलं. इतिहासात अशा तारखा जुळतात. त्यातून फार अर्थ काढू नये, पण लक्षात मात्र राहतात.

पहिली नेमणूक कराचीला, किनाऱ्याच्या संरक्षणासाठी. काम होतं अरबी समुद्रावर घिरट्या घालून शत्रूच्या पाणबुड्या शोधायचं. विमानं होती वापिती, हार्ट आणि ऑडॅक्स. दोन पंखांची, उघड्या बैठकीची. वैमानिकाच्या तोंडावर वारा आणि तेलाचे शिंतोडे. १९४३-४४ मध्ये ज्या मोजक्या भारतीय वैमानिकांना इंग्लंडला पाठवलं, त्यांत लतीफ होते. तिथे हरिकेन आणि स्पिटफायर ही त्या काळची नामांकित लढाऊ विमानं त्यांनी चालवली. परत आले ते थेट ब्रह्मदेशाच्या आघाडीवर, जपान्यांविरुद्ध.

तिथे आणि त्यानंतरच्या दिवसांत त्यांच्या सोबत्यांत दोन तरुण अधिकारी होते. असगर खान आणि नूर खान. एकाच मेसमध्ये जेवणारी, एकमेकांच्या विमानांवर विसंबणारी ही मंडळी. ही दोन नावं ध्यानात ठेवा.

१९४६ च्या जूनमध्ये लंडनला विजय संचलन झालं, त्यात भारतीय तुकडीबरोबर लतीफ होते. आणि मग आलं १९४७.

फाळणी झाली तेव्हा जमिनीबरोबर सैन्याचीही वाटणी झाली. तोफा, ट्रक, विमानं, बँडची वाद्यंसुद्धा मोजून वाटली गेली. माणसांसाठी नियम असा होता की, ज्या मुस्लिम अधिकाऱ्याचं घर पाकिस्तानात जाणाऱ्या भागात आहे, त्यानं तिकडे जायचं. ज्याचं घर उरलेल्या भारतात आहे, त्याला निवडता येईल. म्हणजे लतीफ यांच्यापुढे एक कागद आला आणि त्यावर त्यांना सही करायची होती. वय वर्षं चोवीस.

आता हा प्रश्न हैदराबादच्या मुलासाठी किती अवघड होता ते पाहा. आपल्याला, महाराष्ट्रातल्या लोकांना, ते चटकन कळेल, कारण आपला मराठवाडा तेव्हा त्याच संस्थानात होता. १५ ऑगस्ट १९४७ ला देश स्वतंत्र झाला, पण हैदराबाद भारतात आलं नव्हतं. निजाम स्वतंत्र राहण्याच्या गोष्टी करत होता, रझाकारांचा धुमाकूळ सुरू होता. १७ सप्टेंबर १९४८ ला, पोलीस कारवाईनंतर, ते संस्थान भारतात आलं. हाच दिवस आपण मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन म्हणून पाळतो. म्हणजे ज्या क्षणी लतीफ यांना देश निवडायला सांगितलं गेलं, त्या क्षणी त्यांचं स्वतःचं गाव कोणत्या देशात जाणार हेच ठरलेलं नव्हतं. जुने सोबती, असगर खान आणि नूर खान, त्यांना पाकिस्तानात बोलावत होते. नव्या हवाई दलात अनुभवी अधिकारी कमी, बढत्या झपाट्यानं मिळणार, हे उघड होतं.

लतीफ यांनी भारत निवडला. धर्म आणि देश या माझ्या लेखी एक गोष्ट नाहीत, असं त्यांचं म्हणणं होतं. त्यावर त्यांनी मोठी भाषणं केली नाहीत.

पुढे असगर खान १९५७ मध्ये पाकिस्तानच्या हवाई दलाचे प्रमुख झाले. त्यांच्यानंतर जुलै १९६५ मध्ये नूर खान प्रमुख झाले, आणि दोन महिन्यांतच दोन्ही देशांच्या हवाई दलांची आकाशात गाठ पडली. ब्रह्मदेशात एकाच शत्रूशी लढलेली माणसं आता एकमेकांच्या विमानतळांचे नकाशे अभ्यासत होती. फाळणीच्या कहाण्या आपण बहुधा आगगाड्यांच्या आणि निर्वासितांच्या ऐकतो. कल्याणकरांनी तर त्या डोळ्यांनी पाहिल्या. युद्धकाळात इथे मोठी लष्करी छावणी होती, कल्याण कॅम्प. फाळणीनंतर तिच्या बराकींत सिंधमधून आलेल्या माणसांनी चूल मांडली आणि १९४९ मध्ये त्या वस्तीचं उल्हासनगर झालं. ज्या कराचीच्या किनाऱ्यावर लतीफ यांनी पहिली उड्डाणं केली, तिथून आलेली माणसं आमच्या स्टेशनाबाहेर पापड आणि कापड विकू लागली. त्यांना निवडीचा कागद कुणी दिला नव्हता. लतीफ यांना तो मिळाला, हे एका अर्थानं त्यांचं भाग्य.

त्यानंतरची तीस वर्षं म्हणजे एका अधिकाऱ्याची पायरी-पायरीनं झालेली चढण. टेंपेस्ट विमानांच्या चार नंबरच्या स्क्वाड्रनचं नेतृत्व, मग जेट विमानं, मग मुख्यालयातली कामं. साठच्या दशकाच्या पूर्वार्धात ते वॉशिंग्टनच्या आपल्या वकिलातीत एअर अ‍ॅटॅशे होते. हा माणूस वकिलातीत बसून आपल्या हवाई दलाचं प्रतिनिधित्व करतो. तिथल्या सैन्याधिकाऱ्यांशी बोलतो, कोणतं विमान कसं आहे, कोण काय विकायला तयार आहे, कशाच्या बदल्यात, हे समजून घेतो. गणवेश सैनिकाचा, काम निम्मं मुत्सद्द्याचं. पुढे राजदूत झालेल्या वैमानिकाची उमेदवारी इथे झाली असं म्हणायला हरकत नाही. १९७१ च्या युद्धात ते मुख्यालयात योजना विभागाचे साहाय्यक प्रमुख होते. आमच्या गुरुजींच्या प्रश्नाचं उत्तर त्या एका ओळीत होतं. मला ते फार उशिरा सापडलं.

१ सप्टेंबर १९७८ रोजी एअर चीफ मार्शल हृषीकेश मुळगावकर निवृत्त झाल्यावर लतीफ हवाई दल प्रमुख झाले. मुंबईत जन्मलेल्या एका मराठी माणसाकडून हैदराबादच्या माणसानं सूत्रं घेतली. आपल्या तिन्ही सेनादलांपैकी एखाद्या दलाचे प्रमुख झालेले लतीफ हे आजवरचे एकमेव मुस्लिम अधिकारी.

प्रमुख म्हणून त्यांचं मोठं काम शस्त्रसज्जतेचं. शत्रूच्या प्रदेशात खोलवर जाऊन मारा करणारं विमान हवं, ही हवाई दलाची मागणी कित्येक वर्षं फायलींत पडून होती. पैसा, परकीय चलन, कोणत्या देशाकडून घ्यायचं, सरकारं बदलली, तरी निर्णय होईना. लतीफ यांनी त्याचा पाठपुरावा केला आणि ब्रिटनच्या जग्वार विमानांना मोरारजी देसाई सरकारची मंजुरी मिळवली. १९७९ मध्ये पहिली जग्वार अंबाल्याला उतरली. ज्या अंबाल्यात त्यांना कमिशन मिळालं होतं, तिथेच. सोव्हिएत संघाकडून मिग-२३ आणि मिग-२५ घेण्याच्या वाटाघाटीही त्यांच्या काळात झाल्या. प्रमुखाला इथे वैमानिक असून चालत नाही. मंत्र्याला पटवावं लागतं, अर्थखात्याला सांभाळावं लागतं आणि दोन महासत्तांच्या भांडणात कुणालाही न दुखावता माल घरी आणावा लागतो.

आणखी एक गोष्ट मला, कविता लिहिणारा माणूस म्हणून, फार आवडते. आपल्या हवाई दलानं परदेशी विमानांना देशी नावं दिली. फ्रेंच औरागान आलं त्याचं झालं ‘तूफानी’. जग्वारचं झालं ‘शमशेर’. मिग-२५ चं ‘गरुड’. मिराजचं ‘वज्र’. दोन शब्द इराणच्या वाटेनं आलेले, दोन वेद-पुराणांतून. कुणी त्यांची धर्मवार यादी केली नाही. दलाचं ब्रीदवाक्य गीतेतलं. लतीफ यांनी ते चाळीस वर्षं मिरवलं. माझ्या मराठीत असेच शब्द शेजारी-शेजारी राहतात. कागद, दप्तर, शाई, लेखणी. मला अजून कुणी त्यांचे दाखले मागितलेले नाहीत.

१९८१ मध्ये निवृत्तीच्या सुमारास लतीफ यांनी मिग-२५ मधून उड्डाण केलं. आवाजाच्या अडीच-तीन पट वेगानं, वीस किलोमीटरहून जास्त उंचीवर जाऊ शकणारं विमान. सुरुवात वापितीनं, शेवट गरुडानं. एका माणसाच्या नोकरीत विमानविद्येचा निम्मा इतिहास मावला.

मग ते आपल्याकडे आले. मार्च १९८२ मध्ये महाराष्ट्राचे राज्यपाल म्हणून. गंमत अशी की त्यांच्या आधीचे राज्यपाल ओमप्रकाश मेहरा हेही हवाई दलाचे माजी प्रमुख. म्हणजे मलबार हिलच्या राजभवनात एका एअर चीफ मार्शलनं दुसऱ्याला जागा करून दिली. दुसरी गंमत घरातली. लतीफ यांच्या पत्नी बिल्किस या नवाब अली यावर जंग यांच्या कन्या. अली यावर जंग १९७० पासून १९७६ मध्ये निधन होईपर्यंत महाराष्ट्राचे राज्यपाल होते. वांद्र्याची श्रवणदोषावर काम करणारी राष्ट्रीय संस्था त्यांच्याच नावाची. ज्या घरात बिल्किसबाई राज्यपालांची मुलगी म्हणून आल्या, तिथे राज्यपालांची पत्नी म्हणून परत आल्या. राजभवनाच्या हिरवळीवर न रमता त्यांनी धारावीच्या झोपडपट्टीत काम केलं. २००९ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

आमच्या घरी तर जणू ईद होती. नानांचा फोटोतला माणूस आता मुंबईत राहायला आला होता, कल्याणहून दीड-दोन तासांच्या अंतरावर. पण तो काळ सणाचा नव्हता. जानेवारी १९८२ मध्ये दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला होता आणि आमच्या आळीतली गिरणीत जाणारी माणसं दुपारी ओट्यावर बसलेली दिसू लागली होती. ऑगस्टमध्ये मुंबईच्या पोलिसांनीच बंड केलं. आणि मग मे १९८४.

भिवंडी आमच्यापासून खाडीपलीकडे. दुर्गाडीचा पूल ओलांडला की रस्ता तिकडे जातो. १९७० च्या दंगलीच्या आठवणी मोठ्यांच्या बोलण्यात यायच्या. मे १९८४ च्या मध्यावर भिवंडीत पुन्हा आग लागली आणि ती ठाणे, कल्याण, मुंबईपर्यंत पसरली. लष्कर बोलवावं लागलं. अडीचशेहून अधिक माणसं मेली. सुट्टी होती, पण अब्बांनी आम्हाला आठवडाभर दाराबाहेर पाऊल टाकू दिलं नाही. पाणी रात्री भरायचं. दिवा लहान ठेवायचा.

नाना ट्रान्झिस्टरला कान लावून बसलेले असायचे. संध्याकाळच्या मराठी बातम्या लागल्या की हात वर करून सगळ्यांना गप्प करायचे. बातम्या संपल्या की म्हणायचे, ‘‘लतीफसाहेबांचं काही सांगितलं नाही.’’ दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. तिसऱ्या दिवशी मी अब्बांना विचारलं, ‘‘गव्हर्नर आपले आहेत ना? मग ते थांबवत का नाहीत?’’

अब्बा लोको शेडमध्ये फिटर होते, कमी बोलणारे. ते म्हणाले, ‘‘इंजिनावर पुढे झेंडा लावलेला असतो ना, तो गाडी ओढत नाही. राज्यपालांचं तसं आहे.’’ मग थोडं थांबून म्हणाले, ‘‘आणि आपले म्हणजे कोणाचे? ते सगळ्यांचे आहेत, नाहीतर कोणाचेच नाहीत.’’

नानांना हे आवडलं नाही. ते तोंड फिरवून बसले. मला तेव्हा अब्बांचं बोलणं कठोर वाटलं होतं. पुढे बी.ए.ला राज्यशास्त्र घेतलं तेव्हा घटनेचं १६३ वं कलम वाचलं आणि कळलं की अब्बांनी इंजिनाच्या भाषेत तेच सांगितलं होतं. राज्यपाल मंत्रिमंडळाच्या सल्ल्यानं वागतो. पोलीस त्याच्या हाताखाली नसतात. ज्यांच्या एका शब्दावर देशभरातल्या विमानतळांवर इंजिनं सुरू व्हायची, त्यांना राजभवनातून भिवंडीच्या नाक्यावर एक हवालदार पाठवायचा अधिकार नव्हता.

ती रात्र माझ्या मनात राहिली, कारण तिथे दोन गोष्टी एकाच वेळी खऱ्या होत्या. मुस्लिम माणूस हवाई दलाचा प्रमुख होतो, राज्याचा राज्यपाल होतो, हे खरं. मोठंच खरं. आणि त्याच राज्यात, त्याच वर्षी, मुस्लिम घरात दिवा लहान ठेवावा लागतो, हेही खरं. एकाचा दाखला देऊन दुसरं खोटं पाडता येत नाही. आमच्याकडे दोन्ही बाजूंनी तसा प्रयत्न होतो. कुणी लतीफांचं नाव घेऊन म्हणतं, बघा, तुम्हाला काय कमी आहे? कुणी भिवंडीचं नाव घेऊन म्हणतं, लतीफ हे नुसतं दाखवायचं चित्र. दोघंही त्या माणसाचं चाळीस वर्षांचं काम पुसून टाकतात. जग्वार काही चित्रासाठी आली नाहीत.

एप्रिल १९८५ मध्ये लतीफ यांनी मुंबई सोडली आणि ते फ्रान्सला भारताचे राजदूत म्हणून गेले. १९८८ पर्यंत ते पॅरिसला होते. त्यांच्या सासऱ्यांनी, अली यावर जंग यांनी, साठच्या दशकात हेच पद सांभाळलं होतं. बिल्किसबाईंच्या आई फ्रेंच. त्यामुळे हे दांपत्य तिथे परकं नव्हतं. वेळही तशीच होती. जून १९८५ मध्ये राजीव गांधी आणि अध्यक्ष मितराँ यांच्या उपस्थितीत फ्रान्समध्ये भारत महोत्सव सुरू झाला, आणि त्याच वर्षी भारतानं १९८२ मध्ये मागवलेली मिराज-२००० विमानं ग्वाल्हेरला येऊ लागली. एका हाताशी नृत्य-शिल्प-संगीत, दुसऱ्या हाताशी लढाऊ विमानं. अशा वेळी वकिलातीत असा माणूस असणं, ज्याला विमानाचं पोटही कळतं आणि मेजवानीचे रिवाजही, हे देशाच्या सोयीचंच होतं.

हवाई दलातून वकिलातीत गेलेले ते एकटे नव्हेत. एअर मार्शल अस्पी इंजिनियर इराणला राजदूत झाले. हे तेच अस्पी, ज्यांनी १९३० मध्ये एकट्यानं इंग्लंड-भारत उड्डाणाची आगाखान शर्यत जिंकली. वाटेत इजिप्तमध्ये त्यांचं विमान अडलं, तेव्हा प्रतिस्पर्धी जे.आर.डी. टाटांनी आपल्याजवळचे स्पार्क प्लग त्यांना देऊन टाकले होते. अर्जन सिंग स्वित्झर्लंडला राजदूत होते, मग केनियाला उच्चायुक्त. दिलबाग सिंग ब्राझीलला राजदूत झाले. निवृत्त सेनानींना अशी पदं देऊ नयेत, ती परराष्ट्र सेवेतल्या माणसांची आहेत, असंही म्हटलं जातं. त्यात तथ्य आहे. सैनिकाला हो किंवा नाही सांगायची सवय, मुत्सद्द्याला दोन्हींच्या मधलं बोलावं लागतं. पण युद्ध म्हणजे काय हे ज्यानं पाहिलंय, तो वाटाघाटीच्या टेबलावर सहसा उतावीळ नसतो. लतीफ यांनी तर युद्धही पाहिलं होतं आणि कालचा मित्र आज सीमेपलीकडे जाणं म्हणजे काय, हेही.

१९८८ नंतर ते हैदराबादला परतले. ३० एप्रिल २०१८ रोजी, चौऱ्याण्णव वर्षांचे असताना, तिथेच त्यांचं निधन झालं. ती बातमी मी लोकलमध्ये वाचली, ठाणे आणि कल्याणच्या मध्ये. कर्नाटकातल्या निवडणुकीचे दिवस होते, पानभर त्याच बातम्या. खालच्या कोपऱ्यात ही. वर्णनात पहिलेच शब्द होते ‘एकमेव मुस्लिम हवाई दल प्रमुख’. खोटं काही नाही, आत्ताच मीही तेच सांगितलं. पण मला वाटलं, चौऱ्याण्णव वर्षांच्या आयुष्याचं पहिलं वाक्य हे असावं का? अर्जन सिंग त्याच्या आदल्या सप्टेंबरमध्ये गेले, तेव्हा पहिलं वाक्य होतं पासष्टच्या युद्धाचं.

नाना तोपर्यंत जाऊन पुष्कळ वर्षं झाली होती. घर पाडून इमारत उभी राहिली, तेव्हा सामानात तो पुठ्ठा सापडला. कागद पिवळा पडलेला, एका कोपऱ्याला वाळवी. मी तो जपून ठेवला, पण भिंतीवर लावला नाही. नानांनी तो लावला होता दाखला म्हणून. कुणी विचारायच्या आधीच उत्तर तयार असावं म्हणून. त्यांच्या पिढीला ती गरज होती, आणि मी त्यांना दोष देत नाही. आठवीतल्या त्या दिवशी मीही त्याच्याच आडोशाला उभा राहिलो होतो. पण लतीफ यांनी स्वतः तो प्रश्न चोविसाव्या वर्षी एका सहीत संपवला आणि पुन्हा त्याचं उत्तर देत बसले नाहीत. ते कामाला लागले. अब्बा रोज सकाळी सातच्या पाळीला डबा घेऊन लोको शेडला जायचे, तेही कुणाला उत्तर देत नव्हते. इंजिन दुरुस्त करत होते. एकाचा फोटो छापून आला, दुसऱ्याचा नाही, एवढाच फरक.

मागच्या वर्षी माझी नात-भाची, सहावीतली, शाळेच्या प्रकल्पासाठी आली. ‘‘हवाई दलातला एक माणूस सांगा,’’ म्हणाली. मी कपाटातून पुठ्ठा काढला. तिनं विचारलं, ‘‘मामू, हे कोण?’’ मी सुरुवात केली कराचीच्या किनाऱ्यापासून, दोन पंखांच्या, उघड्या बैठकीच्या विमानापासून. तिला वापितीचं फार कौतुक वाटलं. पाऊस आला तर भिजायचे का, असं तिनं विचारलं. मी म्हटलं, भिजायचेच. मग तिनं वहीत पहिलं वाक्य लिहिलं, ‘ते पावसात भिजत विमान चालवायचे.’

मी ते तसंच राहू दिलं.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)